काजूच्या टरफलावर ऑरगॅनिकचं संशोधन: किनाऱ्यावरच्या कॉलेजात काय जमतं, काय नाही

खाडीकाठ
रत्नागिरी-सिंधुदुर्गाकडच्या कॉलेजात ऑरगॅनिक शिकवणाऱ्या प्राध्यापकाने संशोधनाला कुठला विषय धरावा, यावर दुसऱ्या एका धाग्यात बरंच विषयांतर झालं. ते इथे वेगळं काढतोय. गृहीत असं: एमएस्सीचे वर्ग आहेत, एक रोटाव्हेपर (कमी दाबाखाली द्रावक उडवायचं यंत्र), यूव्ही पेटी, ओव्हन आणि पाण्यावरचा ॲस्पिरेटर (पाण्याच्या धारेवर चालणारा व्हॅक्यूम पंप) आहे. रेणूची रचना ओळखायची यंत्रं, म्हणजे एनएमआर नाही, मास नाही. नमुने पुण्या-मुंबईला पाठवता येतात, पण उठसूट नाही. विषय असा हवा की दहा-पंधरा वर्षं पुरेल आणि कच्चा माल तालुक्यात मिळेल. माझ्या मते काजूचं टरफल. पटत नसेल तर का ते लिहा, पटत असेल तर कृती लिहा. "स्कोप आहे" एवढंच लिहायचं असेल तर नका लिहू.

सिलिकाजेल
टरफलच. पण आधी एक गोंधळ निस्तरू. सीएनएसएल (काजूच्या टरफलाचं तेल) नावाने दोन वेगळी तेलं फिरतात. टरफल थंड किंवा कोमट द्रावकात काढलं की त्यात साधारण ६० ते ६५ टक्के ॲनाकार्डिक आम्ल, १५ ते २० टक्के कार्डॉल आणि १० टक्क्यांच्या आसपास कार्डॅनॉल असतं. बी भाजून किंवा गरम तेलाच्या टाकीतून काढली, की ॲनाकार्डिक आम्लातला कार्बन डायऑक्साइड निघून जातो आणि त्याचं कार्डॅनॉल होतं. बाजारात पिंपातून मिळतं ते हे दुसरं. त्यातून ॲनाकार्डिक आम्ल शोधत बसलात तर वर्ष फुकट.

आपल्याकडचे बरेचसे कारखाने बी वाफवून हाताच्या कटरवर फोडतात. ही टरफलं उत्तम, वाफेने आम्ल फारसं मोडत नाही. पेट्रोलियम ईथर ६०-८० घेऊन सॉक्सलेटवर (द्रावक पुन्हा पुन्हा मालातून फिरवणारं उपकरण) सहा ते आठ तास. टरफलाच्या वजनाच्या पाव हिस्सा किंवा थोडं जास्त तेल निघतं. टरफलाला गराचे तुकडे चिकटलेले असतील तर ते आधी वेचा, नाहीतर साधं खाद्यतेल सोबत येतं आणि पुढे सगळीकडे नडतं.

वेगळं करण्याची चुन्याची पद्धत २००१ मध्ये बंगळुरूच्या एका गटाने छापली. ५० ग्रॅम तेलाला बसवलेली कृती अशी. ३०० मिली मेथनॉल, त्यात ५ टक्के पाणी. तेल त्यात विरघळवा. ढवळत ढवळत २५ ग्रॅम कॅल्शियम हायड्रॉक्साइड (हाच चुना) चमच्या-चमच्याने घाला. ५० अंशावर तीन तास. वरचं द्रावण टीएलसीवर (सिलिकाची पातळ प्लेट, तिच्यावर मिश्रणाचे घटक वेगवेगळे ठिपके होऊन दिसतात) बघा: हेक्झेन-इथाइल ॲसिटेट ८:२, त्यात ॲसेटिक आम्लाचे दोन थेंब. आम्लाचा ठिपका गेला की गाळा, गाळ मेथनॉलने धुवा, ४५-५० अंशावर व्हॅक्यूममध्ये दोन तास वाळवा. हा कॅल्शियम ॲनाकार्डेट. कार्डॉल-कार्डॅनॉल गाळात येत नाही, ते खालच्या मेथनॉलमध्ये उतरतं.

गाळ सव्वादोनशे मिली पाण्यात कालवा आणि तीव्र हायड्रोक्लोरिक आम्ल घाला. किती ते मापाने नाही, पीएच कागदाने ठरवा. २५ ग्रॅम चुना म्हणजे ०.३४ मोल, त्यातला बराचसा न वापरलेला गाळातच असतो. सगळा मारायला ११ मोलरचं आम्ल ६० मिलीच्या घरात लागतं. कमी पडलं की इथाइल ॲसिटेटमध्ये ॲनाकार्डिक आम्ल कमी येतं आणि दोष द्रावकाला दिला जातो. पीएच २ आला, तासभर ढवळलं, की इथाइल ॲसिटेटने दोनदा काढा, पाण्याने धुवा, सोडियम सल्फेट, रोटाव्हेपर. ५० ग्रॅम तेलातून अठ्ठावीस-तीस ग्रॅम आलं की हात बसला म्हणायचं.

दालचिनी
चुन्याऐवजी कॉस्टिक (सोडियम हायड्रॉक्साइड) का नाही? स्वस्त आणि झटपट.

सिलिकाजेल
करून बघा आणि सेपरेटिंग फनेलकडे दोन दिवस बघत बसा. पंधरा कार्बनची शेपटी आणि टोकाला सोडियम कार्बॉक्सिलेट, म्हणजे तो साबणच झाला. फेस आणि दुधासारखं इमल्शन, थर सुटतच नाहीत. कॅल्शियमचा क्षार विरघळत नाही, सगळी गंमत तेवढीच.

चुन्याबद्दल आणखी एक. उघड्या डब्यातला जुना चुना किनाऱ्यावरच्या दमट हवेत भराभर कार्बोनेट होतो. चिमूटभर घेऊन त्यावर आम्लाचा थेंब टाका. जोरात फसफसलं तर तो डबा बाजूला ठेवा. तसला चुना वापरला की आम्ल पूर्ण खाली बसत नाही, आणि शेवटी आम्ल घालताना बीकर उतू जातो तो वेगळाच.

बांधावरचा
कार्डॅनॉल-कार्डॉलचं राहिलं. गाळून आलेल्या मेथनॉलमध्ये २५ टक्क्यांचा लिकर अमोनिया १०० मिली घाला, पंधरा मिनिटं ढवळा, मग हेक्झेन १०० मिली चार वेळा. हेक्झेनमध्ये कार्डॅनॉल येतं. कार्डॉलला दोन हायड्रॉक्सिल असल्याने ते अमोनियाच्या थरात राहतं, ते ८०:२० इथाइल ॲसिटेट-हेक्झेनने काढा. हेक्झेनचा थर ५ टक्के कॉस्टिक आणि मग ५ टक्के हायड्रोक्लोरिक आम्लाने धुतला की लालपणा बराच उतरतो. उरलेला रंग चारकोलने.

आणि हात! कार्डॉल, ॲनाकार्डिक आम्ल आणि बिब्ब्यातलं भिलावनॉल ही भावंडंच आहेत, फिनॉलवर पंधरा कार्बनची शेपटी. बिबा उततो तसंच हे उततं. नायट्राइलचे हातमोजे घाला, लेटेक्सच्या भरवशावर राहू नका. लागलंच तर आधी खोबरेल चोळून पुसा, मग साबण. थेट पाण्याने धुतलं की ते फक्त पसरतं. काजू फोडणाऱ्या बायका हाताला राख किंवा तेल लावूनच बसतात, त्यांना हे कुठल्याही सेफ्टी शीटच्या आधीपासून ठाऊक आहे.

देवगडकर
तां सगळां बरोबर हा, पण मेथनॉल उडवताना लाईट गेली तर काय करूचा? हंयसर पावसात दिवसाक चार वेळा जाता.

सिलिकाजेल
पहिल्यांदा व्हॅक्यूमचा कॉक उघडून हवा आत घ्या, मग फ्लास्क बाथमधून वर. उलट केलंत तर पंप थांबलेल्या ॲस्पिरेटरचं पाणी उलटं चढून थेट तुमच्या मालात. मध्ये रिकामी जाड काचेची ट्रॅप बाटली हवीच हवी.

ओलावा
कृती छान आहेत, पण त्या कोरड्या गावात लिहिलेल्या आहेत. किनाऱ्यावर काय बिघडतं ते सविस्तर लिहितो, कारण नवीन प्राध्यापकाचं पहिलं वर्ष यातच जातं.

व्हॅक्यूम. ॲस्पिरेटर पाण्याच्या स्वतःच्या बाष्पदाबाखाली जाऊच शकत नाही. २० अंशाच्या पाण्याला तो पाऱ्याचा १७.५ मिमी, ३० अंशाला जवळजवळ ३२. मे महिन्यात सड्यावरच्या टाकीतलं पाणी ३२-३३ अंश सहज असतं, म्हणजे पंप नवा असो की जुना, पस्तीसच्या खाली काटा उतरणार नाही. पाणी फिरवणारा पंप असेल तर टाकीत बर्फ टाका. १० अंशाला ९ मिमीपर्यंत जाता येतं. द्रावक उडवायला हे पुरेसं आहे. पण कार्डॅनॉल डिस्टिल करायचं तर २-३ मिमी आणि २०० ते २३० अंश लागतात, तिथे तेलाचा पंप आणि थंड ट्रॅपच हवा. ॲस्पिरेटरवर हट्टाने तापवत राहिलं की फ्लास्कमध्ये काळा डिंक उरतो. शेपटीतले दुहेरी बंध जुळून पॉलिमर होतं.

ईथर. डायइथाइल ईथर ३४.६ अंशाला उकळतो. एप्रिल-मेमध्ये आपल्या लॅबचं तापमान तेवढंच असतं. सेपरेटिंग फनेल एकदा हलवून कॉक न उघडता ठेवला तर बूच उडतं. हे काम डिसेंबर-जानेवारीत ठेवा, नाहीतर टर्ट-ब्युटाइल मिथाइल ईथर वापरा, तो ५५ अंशाला उकळतो. ग्रिन्यार्ड (ओलावा अजिबात न चालणारी अभिक्रिया) तर जूनपासून सप्टेंबरपर्यंत वेळापत्रकातूनच काढून टाका. कॅल्शियम क्लोराइडची गार्ड ट्यूब जुलैत एका दुपारीत ओली चिकट होते, सकाळी भरलेली संध्याकाळी पाणी गाळत असते.

टीएलसी. प्लेट उघडी राहिली की सिलिका पाणी धरते, ठिपके वर पळतात. सकाळचा आरएफ (ठिपका किती वर गेला त्याचं प्रमाण) आणि दुपारचा आरएफ जुळत नाही. ११० अंशावर अर्धा तास, मग डेसिकेटर, आणि वापरायची तेवढीच बाहेर.

आता सगळ्यात फसवं: आयआर (इन्फ्रारेड आलेख). ॲनाकार्डिक आम्लाचा कार्बोनिल शेजारच्या हायड्रॉक्सिलशी हायड्रोजन बंधात असल्याने १६४५ सेमी⁻¹ च्या आसपास येतो. साध्या आम्लासारखा १७०० ला शोधू नका. आणि पावसाळ्यात केबीआरची (पोटॅशियम ब्रोमाइडची) गोळी केली की पाण्याचा पट्टा येतो १६४० लाच, सोबत ३४०० ला रुंद ढिगारा. म्हणजे आम्ल नसतानाही "मिळालं" असं वाटतं. एटीआर (गोळी न करता नमुना थेट ठेवायची जोड) असेल तर त्यावर थेट थेंब ठेवा. नसेल तर आधी कोऱ्या केबीआरची गोळी घ्या आणि तिचा आलेख शेजारी ठेवून वाचा.

तराजूचंही बघा. खारी हवा थेट येते अशा खिडकीखाली ॲनालिटिकल बॅलन्स ठेवू नका. आतल्या वाटीतलं सिलिका जेल निळं (म्हणजे कोरडं) आहे ना हे दर सोमवारी कुणीतरी पाहायचं, एवढा नियम केला तरी पुष्कळ झालं.

खाडीकाठ
ओलावा, हा प्रतिसाद छापून लॅबच्या दारावर लावण्यासारखा आहे. १६४० चं खरंच लक्षात आलं नव्हतं.

आयआरवर विसंबायचं नाही तर ॲनाकार्डिकचं कार्डॅनॉल झालं की नाही हे घरच्या घरी कसं ओळखायचं?

ओलावा
तराजूने. कार्बन डायऑक्साइड ४४, आम्ल सरासरी ३४५, म्हणजे १० ग्रॅमला १.२८ ग्रॅम घट. १७५-१८० अंशावर उघड्या कंडेन्सरने दोन-तीन तास ठेवा, बुडबुडे थांबले की वजन करा. घट १.२८ पेक्षा बरीच जास्त आली तर द्रावक नीट उडवलेला नव्हता. कमी आली तर अजून तापवा.

पॅलॅडियम
एनएमआरला पाठवलंत तर बघायची जागा एकच: बेंझिलिक सीएच२. ॲनाकार्डिकमध्ये तो २.९७ पीपीएमच्या जवळ, कार्डॅनॉलमध्ये २.५५. मिश्रण असेल तर दोन्ही दिसतात, इंटिग्रेशनवरून प्रमाण लगेच. बाकी २.८ ला दोन दुहेरी बंधांमधला सीएच२, ५.३-५.४ ला आतले ओलेफिन, आणि ५.८ व ५.० ला टोकाचा व्हिनाइल, तो फक्त ट्रायईनचा (तीन दुहेरी बंधांच्या शेपटीचा). म्हणजे शेपटीची वाटणीही त्याच आलेखातून निघते.

नमुना १५ मिलिग्रॅम प्रोटॉनला, ४०-५० कार्बनला. पाठवण्याआधी पंपावर पूर्ण वाळवा. १.२६, २.०५ आणि ४.१२ ला इथाइल ॲसिटेट डोकावत असलेले आलेख कॉलेजांतून इतके येतात की ते यंत्र चालवणाऱ्यांना आता तोंडपाठ झालेत.

संशोधनाचा खरा विषय इथून सुरू होतो असं मला वाटतं. वेगळं करणं ही नुसती तयारी. शेपटी मिश्र आहे (ट्रायईन, डायईन, मोनोईन) म्हणून कुठलंही व्युत्पन्न केलं तरी मिश्रणच मिळतं आणि वितळणबिंदू सापडत नाही. उपाय: हायड्रोजनेशन. कार्डॅनॉल १० ग्रॅम, इथेनॉल १०० मिली, ५ टक्क्यांचं पॅलॅडियम-कार्बन अर्धा ग्रॅम, हायड्रोजन २-३ वातावरण दाबाने. सगळं मिळून एकच रेणू होतो, ३-पेंटाडेसाइलफिनॉल. पांढरा, मेणचट, ५० अंशाच्या थोडं वर वितळणारा. हेक्झेनमधून स्फटिक करा. इथून ईथर, एस्टर, अझो रंग, सर्फॅक्टंट, वाटेल ते, आणि प्रत्येकाला धड वितळणबिंदू.

गाळताना जपा. पॅलॅडियम-कार्बन फिल्टरवर कोरडं पडलं की अल्कोहोलच्या वाफेत पेट घेतं. सेलाइटवर गाळा, कायम ओलं ठेवा, आणि वापरलेलं पाण्याखाली बाटलीत. हे काम विद्यार्थ्यावर एकट्यावर सोडायचं नाही.

बांधावरचा
थोडी असहमती. सगळे दुहेरी बंध मारून टाकायचे तर मग काजूच कशाला? त्या शेपटीतच मजा आहे. स्कॉटलंड आणि जर्मनीतल्या गटांनी मेटाथेसिसने (दुहेरी बंधाची टोकं अदलाबदल करणारी अभिक्रिया) ती शेपटी तोडून ३-इथाइल आणि ३-प्रोपाइल फिनॉल केलं. आफ्रिकेतल्या त्सेत्से माशीला सापळ्यात ओढायला ती द्रव्यं वापरतात. टाकाऊ टरफलातून माशीचा सापळा, हा रसायनाचा विचार झाला.

पॅलॅडियम
विचार उत्तमच, पण रुथेनियमचे ते उत्प्रेरक आणि निष्क्रिय वायूची व्यवस्था धाग्याच्या गृहीतात बसत नाही. कार्डॅनॉल, ॲनिलिन आणि पॅराफॉर्मल्डिहाइड यांचं बेंझोऑक्झाझिन (तापवल्यावर राळ होणारं संयुग) मात्र बसतं, आणि त्यात शेपटी शाबूत राहते. मोल १:१:२, ९० अंशाला द्रावकाशिवाय. इथे तडजोड करू.

आमसूल
काजूवाल्यांनी धागा खाल्ला म्हणून कोकमाची बाजू. कोकमात हायड्रॉक्सिसायट्रिक आम्ल, सालीत गार्सिनॉल (पिवळं द्रव्य), रंगात सायनिडिनचे ग्लायकोसाइड, बियांत ४० अंशाच्या आसपास वितळणारं घट्ट तेल. एका फळात चार विषय. म्हैसूरच्या लुईस यांचं नाव या सगळ्यात पुन्हा पुन्हा येतं: १९६५ मध्ये गार्सिनियातलं (कोकमाच्या कुळातलं) मुख्य आम्ल हायड्रॉक्सिसायट्रिक असल्याचं नीलकंठन यांच्यासोबत दाखवलं, १९८१ मध्ये गार्सिनॉलच्या रचनेच्या कामातही ते होते. एनसीएलचे (पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेचे) पहिले भारतीय संचालक के. वेंकटरामन हे मूळ रंगांचे अभ्यासक, पण त्यांच्या गटानेही याच कुळातल्या मोरेलिन आणि मोरेलोफ्लॅव्होनवर काम केलं. पिवळं द्रव्य कापडावरचं असो की फळातलं, बघण्याची नजर एकच.

पण नवीन माणसाने हायड्रॉक्सिसायट्रिकच्या मागे लागू नये. १९६९ मध्ये लोवेनस्टाइन यांच्या गटाने त्याचा एटीपी सायट्रेट लायेजवरचा (शरीरात चरबी बनवायला लागणारं विकर) परिणाम दाखवला, मग वजन उतरवणाऱ्या गोळ्यांचा सुकाळ झाला, आणि १९९८ च्या १३५ जणांच्या चाचणीत गोळी आणि नुसती साखरगोळी यांत फरक दिसला नाही. त्या विषयात गर्दी फार, उरलंय थोडं. शिवाय ते आम्ल तापवलं की लॅक्टोन होतं. कागदावर जे मोजलं ते फळात होतं की रोटाव्हेपरवर झालं, हे सांगता येत नाही. ४० अंशावर जाऊ नका.

गार्सिनॉल धरा. आणि बाजारातलं आमसूल किंवा आगळ घेऊ नका, दोन्हींत मीठ असतं. बिया काढलेली कोरी साल सावलीत वाळवून मिळते, ती सांगून ठेवावी लागते.

नेटसेट
नोकरीची बाजू कुणीच लिहिली नाही, म्हणून थोडक्यात. सहायक प्राध्यापकाला आठवड्याला १६ तास प्रत्यक्ष शिकवणं, सहयोगी आणि प्राध्यापकाला १४. प्रॅक्टिकलच्या बॅच धरल्या की संशोधनाला शनिवार आणि मे महिना उरतो. यूजीसीच्या २०२२ च्या नियमांनुसार पीएचडीचा मार्गदर्शक व्हायला सहायक प्राध्यापकाकडे स्वतःची पीएचडी आणि किमान तीन शोधनिबंध, वरच्या दोघांकडे पाच. एका वेळी विद्यार्थी ४, ६ आणि ८. निवृत्तीला तीन वर्षांहून कमी राहिली की नवीन विद्यार्थी नाही. म्हणून पहिली तीन वर्षं तीन धड निबंधांसाठीच आहेत असं समजा. चुन्याची पद्धत, तिची आपल्या भागातल्या टरफलांवर तपासणी आणि पेंटाडेसाइलफिनॉलची एक मालिका, एवढ्यात ते बसतं.

प्राध्यापकीच्या पात्रता परीक्षांपैकी सेट महाराष्ट्र-गोव्यापुरती, नेट देशभर. जेआरएफ (संशोधनाची शिष्यवृत्ती) मिळवून आलेला विद्यार्थी महिन्याला ३७ हजार स्वतःचे घेऊन येतो, पण तो किनाऱ्यावरच्या कॉलेजात क्वचितच येतो. गृहीत धरू नका.

दालचिनी
उरलेला मेथनॉल आणि चुन्याचा गाळ कुठे टाकायचा? आमच्याकडे कॉलेजच्या मागे कातळ आहे.

ओलावा
कातळावर तर अजिबात नाही. जांभ्याला भोकं असतात, ओतलेलं सरळ खालच्या विहिरीत. मेथनॉल आणि हेक्झेन डिस्टिल करून पुन्हा पहिल्या पायरीला वापरा, तिथे शुद्धता फार लागत नाही. आम्ल घातल्यानंतर राहतं ते कॅल्शियम क्लोराइडचं आम्लधर्मी पाणी. ते उदासीन करून, वर तेल तरंगत नाही ना बघून मगच सोडा. फिनॉल असलेले डिंक डब्यात साठवून कचरा उचलणाऱ्या परवानाधारकाकडे.

खाडीकाठ
शेवटचा प्रश्न. टरफलं केव्हा घ्यावीत आणि किती?

सिलिकाजेल
हंगाम फेब्रुवारी ते मे. एप्रिलमध्ये घ्या, जून उजाडला की गोणपाटातल्या टरफलांना बुरशी येते. १० किलो म्हणजे अडीच किलोच्या आसपास तेल, वर्षाचं काम होतं. सगळं एकदम काढा, २५० मिलीच्या गडद बाटल्यांत गळ्यापर्यंत भरा, हवेला जागा ठेवू नका, फ्रीजरमध्ये. वेगळं केलेलं ॲनाकार्डिक आम्लही तिथेच. बाहेर राहिलं तर वरचा थर चामड्यासारखा होतो. लेबलवर कारखाना, वाफवलेलं की भाजलेलं आणि तारीख. पेन्सिलने लिहा, शाई त्या तेलात विरघळते.